चाळिशीच्या आसपास, सिनेमाचं शिक्षण नसताना पटकथालेखक-दिग्दर्शक होता येतं का?

तुम्ही लिहिलंय की वय अडतीस, नोकरी सामाजिक संस्थेत, सिनेमा कुठे शिकलेला नाही. पण पटकथा लिहून स्वतः दिग्दर्शन करायची इच्छा आहे. तुम्ही मराठी चित्रपटांच्या पटकथालेखक-दिग्दर्शक सुमित्रा भावे यांची वाटचाल नीट पाहावी असं मला मनापासून वाटतं.

त्यांचा जन्म १९४३चा, पुण्यातला. शिक्षण समाजशास्त्राचं, पुढे मुंबईची टाटा इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेस. मग पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवणं, वस्त्यांमधलं काम, दलित बायकांच्या आयुष्यावरचं संशोधन. तिथे एक अडचण त्यांना छळू लागली. ज्या बायकांनी जीव ओतून आपली कहाणी सांगितली, त्यांच्यातल्या कितीतरी जणींना त्या संशोधनाचा अहवाल वाचताच येणार नव्हता. तो त्यांच्यापर्यंत पोचवायचा कसा? त्या खटपटीतून १९८५ साली 'बाई' हा लघुपट झाला. तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती. 'बाई'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पाठोपाठ 'पाणी'लाही. 'दोघी' हा पूर्ण लांबीचा पहिला चित्रपट आला १९९५ साली, म्हणजे पन्नाशीनंतर.

सगळं एकटीनं केलं असं मात्र समजू नका. सुनील सुकथनकर सुरुवातीपासून सोबत होते आणि ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले. दिग्दर्शन दोघांचं, पटकथा भाव्यांची. तुम्हालाही असा जोडीदार लागेल, आणि तो जेवढा लवकर भेटेल तेवढं बरं.

त्यांच्या लेखनाची ताकद बघायची तर 'अस्तु' बघा. संस्कृतचे प्रकांड पंडित चक्रपाणी शास्त्री यांना स्मृतिभ्रंश झालाय. मुलीबरोबर गाडीतून बाहेर पडलेले असताना रस्त्यात हत्ती दिसतो आणि ते लहान मुलासारखे त्याच्या मागे निघून जातात. मोहन आगाशे यांनी ही भूमिका केली आहे. पुढे माहुताची बायको चन्नम्मा त्यांना सांभाळते आणि शास्त्री तिलाच आई म्हणू लागतात. आजार म्हणजे काय याचं भाषण कुणी ठोकत नाही. विद्वत्ता, नाव, नाती एकेक करून गळून पडल्यावर माणसात काय उरतं, हे आपण चन्नम्माच्या नजरेतून पाहतो. संवादांसाठी भाव्यांना आणि सहायक भूमिकेसाठी अमृता सुभाष यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. माझ्या मते त्यांचं सर्वांत मोठं काम हेच, त्यांच्या 'कासव'ला सुवर्णकमळ, म्हणजे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार, मिळालं असलं तरी. 'नितळ'सारख्या एखाद्या चित्रपटात विषय कथेच्या पुढे धावतो असं मला वाटतं, पण 'अस्तु'त तसं कुठेच होत नाही.

मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते हे, की त्यांनी समाजकार्य सोडून सिनेमा धरला नाही. 'देवराई'तला स्किझोफ्रेनिया असो की 'दहावी फ'मधली 'ढ' ठरवून बाजूला बसवलेली मुलं, आधी माणसांचं ऐकून घ्यायचं, मग लिहायचं, ही संशोधकाची सवय त्यांनी शेवटपर्यंत जपली. १९ एप्रिल २०२१ला त्या गेल्या आणि महिन्याभरानं 'दिठी' प्रदर्शित झाला. दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा हा चित्रपट. मुलगा पुरात गेलेला लोहार आणि एका अडलेल्या गाईचं बाळंतपण, एवढ्यावर तो उभा आहे.

संस्थेच्या कामात तुमच्याकडेही अशी माणसं जमलेली असणार. कॅमेऱ्यावर आणि कोर्सवर पैसे घालण्याआधी त्यांच्यातल्या एकाची गोष्ट वीस मिनिटांच्या लघुपटाएवढी लिहून काढा. ती माणसं ओळखू येणार नाहीत एवढी काळजी घ्या, आणि ज्याची गोष्ट आहे त्याला आधी वाचून दाखवा. तो जिथे "असं नव्हतं हो" म्हणेल, तिथून दुसरा खर्डा सुरू करा.