बांध ठरला, भाऊ बोलायला लागले, केस मात्र तशीच!

प्रश्न : वकीलसाहेब, नमस्कार. मोहोळ तालुक्यात आमची शेती आहे. २०२१ ला बांधावरनं माझं न चुलतभावाचं वाजलं, झटापटीत माझ्या हातातलं खुरपं त्याच्या दंडाला लागलं, सात टाके पडले. माझ्यावर आणि माझ्या पोरावर आयपीसीची कलमं ३२४ (हत्याराने दुखापत), ३२३ (साधी मारहाण), ५०४ (शिवीगाळ), ५०६ (धमकी) लागली, चार्जशीटपण गेलं. आता मोजणी होऊन बांध ठरलाय, यंदा सोलापूरच्या गड्डा जत्रेला आमची दोघांची पोरं एकाच गाडीवर गेली. ५०० च्या स्टॅम्पवर समजुतीचा कागद करून कोर्टात दिला तर ३२४ इथं मिटत नाही म्हणाले. गावात सगळे सांगतात, भावाने साक्षीत फिरावं म्हणजे सुटाल. पोरगा पोलीस भरतीची तयारी करतोय. काय करू?

उत्तर : पहिलं म्हणजे भावाला साक्षीत फिरायला अजिबात लावू नका. शपथेवर "मला कोणी मारलंच नाही" म्हणायचं, आणि सात टाक्यांचं सर्टिफिकेट समोर फायलीत! खोट्या साक्षीचं लफडं उद्या त्याच्याच गळ्यात पडेल, ज्या भावाने तुम्हाला माफ केलं त्याला कशाला अडकवता.

केस फिर्यादीने मागे घेतली की संपली असं लोकांना वाटतं, तसं नसतं, फिर्याद भावाची असली तरी खटला सरकार चालवतं. ३२३, ५०४, ५०६ खालच्या कोर्टात तडजोडीने मिटतात, पण ३२४ तडजोडीने मिटणाऱ्या गुन्ह्यांच्या यादीत नाही म्हणून तुमचा कागद तिथं चालला नाही, यात कोर्टाची काही चूक नाही. यासाठी हायकोर्टातच जावं लागतं, केस रद्द करायचा हायकोर्टाचा खास अधिकार, म्हणजे जुन्या सीआरपीसीचं (फौजदारी प्रक्रिया कायद्याचं) कलम ४८२, आता त्याच्या जागी आलेल्या बीएनएसएसचं ५२८. हा अधिकार तडजोडीच्या यादीपेक्षा वेगळा आहे आणि खाजगी स्वरूपाचं भांडण खरंच मिटलं असेल तर तो वापरता येतो असं सुप्रीम कोर्टाने २०१२ च्या ग्यान सिंग निकालात सांगितलंय. खून, बलात्कार, दरोड्याला ही सवलत नाही. जखम कुठं झाली, हत्यार काय होतं, तडजोड खटल्याच्या कुठल्या टप्प्यावर झाली, हे सगळं बघतात, म्हणून साक्षी सुरू व्हायच्या आधीच जा. जखम दंडावर, भांडण घरातलं, बांध ठरलेला, त्यामुळं तुमची बाजू मला बरी वाटते, पण तडजोड झाली म्हणून केस रद्द होणारच अशी गॅरंटी कोणी देत असेल तर त्याच्या नादी लागू नका.

आधी सोलापूरकरांना यासाठी मुंबई गाठावी लागायची, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच (शाखाच म्हणा) सुरू झालंय आणि आपला जिल्हा त्यात येतो. एफआयआर, चार्जशीट आणि मेडिकलच्या कॉप्या घ्या, अर्ज तुम्ही आणि पोरगा दोघांच्या नावाने करा, त्यात सरकारबरोबर भावालाही सामनेवाला (विरुद्ध पक्ष) करायचं. भावाचं ॲफिडेव्हिट वेगळं लागतं. त्यात बांध कसा ठरला, तो स्वतःच्या मर्जीने संमती देतोय, कोणाचा दबाव नाही, हे त्याच्याच शब्दांत येऊ द्या, छापील मजकुरावर नुसता अंगठा नको. कोर्ट बहुतेक त्याला समोर बोलावून विचारतं, तेव्हा आधार कार्ड घेऊन त्याला सोबत न्या, गाडीभाडं तुम्ही द्या. तुमच्याकडूनही त्याच्यावर उलट फिर्याद झाली असेल तर तिच्यासाठी वेगळा अर्ज लागेल, दोन्ही एकदमच लावा.

हायकोर्टाचा आदेश हातात येईपर्यंत इथली एकही तारीख चुकवू नका, नाहीतर वॉरंट निघेल. आणि पोराचं, भरतीच्या फॉर्ममध्ये गुन्ह्याबद्दल विचारलं असेल तर केस रद्द झाली तरी खरं तेच लिहायचं आणि आदेशाची कॉपी जोडायची. माहिती लपवली म्हणून नोकरी जाऊ शकते, सुप्रीम कोर्टाच्या २०१६ च्या अवतार सिंग निकालात ते स्पष्ट आहे. भरतीची जाहिरात यायच्या आत कोल्हापूरचा अर्ज दाखल करा.