आई-वडील दोघेही बेपत्ता असतील, तर आजीच्या रक्तावरून नातू कसा ओळखतात?

अर्जेंटिनात नेमका हाच पेच होता. १९७६ ते १९८३ च्या लष्करी राजवटीत उचलून नेलेल्या बायकांमध्ये कित्येक गरोदर होत्या. छळछावणीतच बाळंतपण व्हायचं, नंतर आईला संपवायचे आणि बाळ खोट्या जन्मदाखल्यावर दुसऱ्याच घरात, कधी कधी लष्करातल्याच माणसाकडे. अशी सुमारे ५०० बाळं असावीत, असा या नातवंडांचा शोध घेणाऱ्या आज्यांच्या संघटनेचा अंदाज.

मग डीएनए जुळवायचा कुणाशी? १९८४ पासून मेरी-क्लेअर किंग या अमेरिकी शास्त्रज्ञ बाईंनी यात मदत केली. मायटोकॉन्ड्रियातला (पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या भागातला) डीएनए फक्त आईकडून येतो. त्यामुळे आईच्या आईचा आणि नातवंडाचा तो जवळजवळ तंतोतंत जुळतो. (वडिलांच्या आईचा तो उपयोगाचा नाही, तिथे बाकीचा डीएनए तपासावा लागतो.) १९८७ मध्ये सरकारी जनुकपेढी झाली, म्हणजे आजी वारली तरी तिचा नमुना शिल्लक. आतापर्यंत १३० हून जास्त नातवंडांचा छडा लागलाय. हल्ली सापडतात ती चाळिशी ओलांडलेली.

आणि आपली बेपत्ता मुलं-नातवंडं शोधणाऱ्या बायकांच्या डोक्यावरचा प्रसिद्ध पांढरा रुमाल? सुरुवातीला तो बाळाचा कापडी लंगोट होता.