वाचकांचे प्रश्न: टायरचे सेन्सर नवीन टाकले, पण गाडी त्यांना ओळखेना

या वेळी टायर प्रेशरच्या सेन्सरवर बरीच पत्रं आली आहेत, आणि जवळपास सगळ्यांची अडचण एकाच जागी अडकलीय, म्हणजे सेन्सर चाकात बसला पण गाडीत त्याची नोंद झाली नाही. म्हणून हा सगळा अंक त्याच विषयाला देतोय.

प्रश्न, नाशिकहून एक वाचक: नमस्कार सर, माझी एसयूव्ही आता सहा वर्षांची झालीय. टायर घासले म्हणून चारही नवीन टाकले, तेव्हा जुने काढताना पुढच्या दोन चाकांचे सेन्सर तुटले असं दुकानात सांगितलं. मग मी ऑनलाइन दोन मागवून बसवून घेतले. तेव्हापासून गाडी चालू केली की पिवळा दिवा मिनिटभर लुकलुकतो आणि नंतर तसाच लागून राहतो, आणि पुढच्या चाकांच्या जागी नुसत्या रेघा दिसतात. एक जण म्हणतो गाडी चालवत रहा आपोआप येईल, दुसरा म्हणतो ईसीयू, म्हणजे गाडीचा कंप्युटर, गेला. पुढच्या आठवड्यात समृद्धीवरून नागपूरला जायचंय, घरचे सगळे सोबत आहेत. काय करू?

उत्तर: ईसीयूला हात लावू देऊ नका, निदान आत्ता तरी. तुमच्या मागच्या चाकांचे आकडे नीट दिसतायत म्हणजे गाडीचा रिसीव्हर ठणठणीत आहे.

दिवा काय सांगतोय ते आधी बघू. चालू केल्या केल्या सरळ लागला आणि लागूनच राहिला तर कुठल्या तरी टायरमध्ये हवा कमी आहे. आधी मिनिटभर लुकलुकून मग स्थिर झाला तर हवेचा विषय नाही, सिस्टिमलाच कुठल्या तरी चाकाकडून काही ऐकू येत नाहीये. तुमचं दुसरं प्रकरण आहे.

आता हे का होतं बघा. व्हॉल्व्हच्या आतल्या टोकाला रिमच्या बाजूने काडेपेटीपेक्षा लहान अशी प्लास्टिकची डबी असते, तिच्यात प्रेशर मोजणारी चिप, एक बॅटरी आणि छोटा रेडिओ. प्रत्येक डबीला आधार नंबरसारखा स्वतःचा वेगळा आयडी असतो, जगात दुसऱ्या कुठल्या सेन्सरला तो नसतो. गाडी चालताना ही डबी थोड्या थोड्या वेळाने आपला आयडी, प्रेशर आणि तापमान हवेत सोडत राहते. तुमच्या गाडीत चार आयडी लिहून ठेवलेले असतात आणि गाडी फक्त त्याच चौघांचं ऐकते, बाकीच्यांकडे दुर्लक्ष करते, आणि ते बरोबरच आहे, नाहीतर सिग्नलला शेजारी उभ्या गाडीच्या टायरचं प्रेशर तुमच्या डॅशबोर्डवर आलं असतं. तर तुमच्या गाडीत पुढच्या चाकांच्या नावावर अजून त्या तुटलेल्या सेन्सरचेच आयडी आहेत, ती त्यांची वाट बघतेय, आणि नवीन दोघे बोलत असले तरी त्यांना कोणी विचारत नाहीये.

पण नोंदणीला जायच्या आधी एक गोष्ट नक्की तपासा, सेन्सरची फ्रिक्वेन्सी. आपल्याकडे आणि युरोपात ४३३ मेगाहर्ट्झचे सेन्सर चालतात, अमेरिकेत बऱ्याच गाड्यांना ३१५ चे. ऑनलाइन दोन्ही मिळतात, फोटोत दोन्ही सारखेच दिसतात, आणि गाडीचं नाव जुळलं की लोक ऑर्डर देऊन मोकळे होतात. ३१५ चा सेन्सर आपल्या गाडीला कधीच ऐकू येणार नाही, कितीही वेळा नोंदणी करा. बॉक्सवर किंवा सेन्सरच्या अंगावर आकडा छापलेला असतो, बॉक्स टाकून दिला असेल तर ऑर्डरच्या पानावर बघा.

दुसरी गोष्ट, तुम्ही घेतलेले सेन्सर युनिव्हर्सल आहेत का. युनिव्हर्सल सेन्सर कोरा येतो, त्याला आधी टूलने, म्हणजे सेन्सरशी बोलणाऱ्या हातातल्या छोट्या यंत्राने, सांगावं लागतं की तू अमुक कंपनीच्या अमुक मॉडेलच्या भाषेत बोल, त्याला प्रोग्रामिंग म्हणतात. आणि मग त्याचा आयडी गाडीत चढवायचा, ती नोंदणी, दुकानात तिला रीलर्न म्हणतील. ही दोन वेगवेगळी कामं आहेत! बऱ्याच ठिकाणी पहिलं करतात, पैसे घेतात आणि दुसरं राहून जातं, आणि मग तुमच्यासारखा गिऱ्हाईक दिवा बघत घरी जातो, याचा मला खरंच राग येतो कारण दुसरं काम टूल हातात असताना फार वेळाचं नसतं.

नोंदणी कशी होते ते गाडीवर अवलंबून आहे. काही गाड्या नुसतं चालवून शिकतात, म्हणजे गाडी थोडा वेळ उभी ठेवायची, मग ठरावीक वेगाच्या वर सलग काही वेळ चालवायची की नवीन आयडी स्वतः उचलते. काहींत मेन्यूतून लर्न मोड चालू करून एकेका चाकाजवळ टूल धरावं लागतं. आणि काहींत टूलने चारही आयडी वाचून स्टिअरिंगखालच्या ओबीडी सॉकेटमधून, म्हणजे गाडीच्या कंप्युटरला यंत्र जोडायच्या जागेतून, गाडीत लिहावेच लागतात, अशी गाडी पुण्यापर्यंत चालवून आणली तरी काही शिकत नाही. म्हणून तुम्हाला ज्यांनी चालवत रहा सांगितलं ते चूकच असं नाही, पण तुमची गाडी कुठल्या प्रकारची ते मॅन्युअलमध्ये बघितल्याशिवाय तो सल्ला उपयोगाचा नाही.

दुकानात जायच्या आधी फोनवर एवढंच विचारा, सेन्सरचा आयडी वाचता येतो का आणि ओबीडीतून गाडीत लिहिता येतो का. दोन्हीला हो आलं तर जा. आधी चारही टायरमध्ये ड्रायव्हरच्या दाराच्या खांबावरच्या स्टिकरप्रमाणे हवा भरून घ्या. मग तो माणूस टूल व्हॉल्व्हजवळ टायरच्या भिंतीला टेकवून बटण दाबेल, त्यातून १२५ किलोहर्ट्झचा सिग्नल जातो आणि झोपलेला सेन्सर जागा होऊन आपली माहिती देतो. नवीन सेन्सर बॅटरी वाचावी म्हणून झोपलेलेच येतात, त्यामुळे पहिल्या वेळी उत्तर दिलं नाही तर लगेच खराब समजू नका, टूल जरा सरकवून परत धरायला सांगा. स्क्रीनवर चारही आयडी आले की मोबाइलने फोटो काढून ठेवा, पुढच्या वेळी टूल एखादा सेन्सर वाचू शकलं नाही तरी नंबर तुमच्याकडे असेल.

आणि काम झालं की दिवा विझला एवढ्यावर निघू नका. पुढच्या डाव्या टायरमधून तीन-चार पीएसआय (हवेचा दाब मोजायचं एकक) हवा सोडा, गाडी थोडी फिरवा आणि डॅशबोर्डवर पुढच्या डाव्याचाच आकडा खाली आला का बघा. उजव्याचा आला तर दोन सेन्सरची अदलाबदल झालीय, तिथल्या तिथे दुरुस्त करून घ्या आणि हवा परत भरा. रात्री महामार्गावर भलत्याच बाजूचं चाक तपासत बसायची वेळ येऊ नये.

मागचे दोन सेन्सर सहा वर्षांचे आहेत हेही लक्षात ठेवा. यांची बॅटरी आत सील केलेली असते, बदलता येत नाही, आयुष्य साधारण ५ ते १० वर्षं. टायर बदलताना चारही एकदम टाकले असते तर बरं झालं असतं, पण आता टायर बसलेत तर त्या दोघांसाठी पुन्हा टायर काढू नका, चालतायत तोवर चालू द्या.

आठवड्यात काम झालं नाही तर? एक चांगला गेज विकत घ्या आणि निघायच्या सकाळी गाडी थंड असताना चारही टायर आणि स्टेपनी तपासा. समृद्धीवर कारला १२० ची मर्यादा आहे, तासन्‌तास एकाच वेगाने गाडी पळते, कमी हवेचा टायर तिथे फार तापतो. सेन्सर चालू असला तरी गेज लागतोच, कारण अमेरिकेच्या नियमात दिवा लागायची हद्द शिफारशीपेक्षा २५ टक्के कमी अशी आहे. म्हणजे ३३ पीएसआय सांगितलेल्या टायरमध्ये पंचवीसच्या आसपास हवा येईपर्यंत दिवा गप्प बसू शकतो. लहान मुलं मागे बसलेली असताना तेवढ्यावर विसंबू नका.

प्रश्न, न्यू जर्सीहून एक वाचक: आमच्याकडे शेवरोलेची एसयूव्ही आहे. हिवाळ्यासाठी वेगळ्या रिमवर विंटर टायर आणि वेगळे सेन्सर घेतलेत. दर वेळी नोंदणीसाठी शॉपमध्ये पैसे द्यावे लागतात, घरी ड्राइव्हवेत करता येईल का?

उत्तर: हो, करता येतं, आणि तुमची गाडी त्या बाबतीत सोपी आहे. जीएमच्या, म्हणजे शेवरोले बनवणाऱ्या जनरल मोटर्सच्या, गाड्यांसाठी ईएल-५०४४८ नावाचं छोटं टूल मिळतं, तेच किंवा त्याला चालणारं कुठलंही घ्या. हॅंडब्रेक लावा, इंजिन बंद ठेवून इग्निशन ऑन करा, डिस्प्लेवर टायर प्रेशरचं पान काढून रीलर्नचा पर्याय निवडा. हॉर्न दोनदा वाजेल आणि पुढच्या डाव्या बाजूचा इंडिकेटर लागेल, म्हणजे सुरुवात तिथून, ड्रायव्हरच्या बाजूने. टूल व्हॉल्व्हजवळ टायरला टेकवून बटण दाबा, एकदा हॉर्न वाजला की नोंद झाली. मग पुढचं उजवं, मग मागचं उजवं, शेवटी मागचं डावं. हा क्रम मोडू नका. पहिल्या चाकाला दोन मिनिटं आणि चारही मिळून पाच मिनिटं मिळतात, वेळ गेला तर परत पहिल्यापासून, म्हणून टूल आणि मॅन्युअल हाताशी घेऊनच सुरू करा. शेवटी पुन्हा दोनदा हॉर्न वाजला की झालं, मग स्टिकरप्रमाणे हवा बघून घ्या.

उन्हाळी टायर त्या वेळी गाडीशेजारी रचून ठेवू नका, गॅरेजच्या पार आत न्या, नाहीतर टूलने त्यांच्यातलाच एखादा जागा झाला तर त्याचा आयडी चढून बसेल. तुमचे टोयोटावाले मित्र असतील तर त्यांना ही पद्धत जशीच्या तशी सांगू नका, बऱ्याच टोयोटांत आयडी ओबीडीतून लिहावे लागतात.

आणि थंडीतल्या पहिल्या सकाळी दिवा लागला तर नोंदणी बिघडली असं समजू नका. तापमान १० डिग्री फॅरनहाइटने उतरलं की प्रेशर साधारण एक पीएसआयने उतरतं. ऑक्टोबरमध्ये भरलेली हवा जानेवारीत कमीच पडणार, भरा आणि निघा. तुमच्याकडे २००८ मॉडेलपासून सगळ्या नव्या कारना ही सिस्टिम सक्तीची आहे, फायरस्टोन टायर आणि फोर्ड एक्सप्लोररच्या अपघातांनंतर २००० साली जो कायदा झाला त्यातून हे आलं, आणि त्या अपघातांत माणसं गेली होती. त्यामुळे दिव्यावर टेप चिकटवून फिरणारे बघितले की वाईट वाटतं.

प्रश्न, कोल्हापूरहून एक वाचक: माझ्या टाटा हॅरियरमध्ये आयटीपीएमएस ही टायर प्रेशरवर लक्ष ठेवणारी सिस्टिम आहे. टायर रोटेशन, म्हणजे चाकांच्या जागांची अदलाबदल, केल्यावर दिवा लागला. दुकानदार म्हणाला चारही सेन्सर मेले, नवीन टाका. खर्च बराच सांगितलाय.

उत्तर: एक रुपया देऊ नका. त्यातल्या आयचा अर्थच इनडायरेक्ट, तुमच्या चाकांच्या आत सेन्सर नाहीतच. एबीएससाठी (ब्रेक दाबल्यावर चाक लॉक होऊ न देणारी सिस्टिम) प्रत्येक चाकाचा वेग मोजला जातो, टायरमधली हवा कमी झाली की चाक किंचित लहान होतं आणि बाकीच्यांपेक्षा जास्त फिरतं, त्यावरून गाडी ओळखते. रोटेशन केलं, टायर बदलले किंवा हवा भरली की तिला सांगावं लागतं की आता हे नवीन नॉर्मल धर. चारही टायर थंड असताना बरोबर हवा भरा, मॅन्युअलप्रमाणे रीसेट करा आणि नेहमीसारखी गाडी चालवा, ती शिकून घेईल. कमी हवेवर रीसेट मात्र कधी मारू नका, तेच तिला बरोबर वाटायला लागेल. आणि चारही टायरची हवा हळूहळू सारखीच उतरली तर ही सिस्टिम फसू शकते, म्हणून महिन्यातून एकदा गेज लावाच.

प्रश्न, नागपूरहून एक वाचक: सेन्सर चाकात आहेत, रोटेशननंतर पुढचं मागचं उलटं दिसतं.

उत्तर: आयडी जुन्याच जागांच्या नावावर आहेत. काही नव्या गाड्या जागा आपोआप ओळखतात, तुमची नसेल तर पुन्हा रीलर्न करून घ्या.

प्रश्न, रत्नागिरीहून एक वाचक: काका, आमची जुनी बोलेरो आहे, तिला व्हॉल्व्हच्या टोपीच्या जागी बसणारे बाहेरचे सेन्सर लावू का? आणि भावाच्या नव्या एसयूव्हीत व्हॉल्व्हची पिन अडकून बसलीय, हवाच भरता येत नाही.

उत्तर: लाव की. नोंदणी एकदम सोपी असते, डिस्प्लेवर लर्न दाबायचं, चाक निवडायचं आणि त्या चाकावर सेन्सर फिरवून घट्ट करायचा, प्रेशर लागलं की तो जागा होतो. बहुतेक किटमध्ये सेन्सरवर एक दोन तीन चार किंवा चाकाची जागा लिहिलेली असते, ती बदलू नकोस. रबरी व्हॉल्व्ह असतील तर आधी धातूचे टाकून घे, कारण सेन्सरच्या वजनाने वेगात रबरी व्हॉल्व्ह हलतो आणि कालांतराने मुळाशी चिरतो. आणि बसवल्यावर साबणाचं पाणी लावून बघ, बुडबुडे आले तर हवा तिथूनच जातेय.

भावाच्या गाडीचं बघ. आतल्या सेन्सरचा व्हॉल्व्ह बऱ्याचदा ॲल्युमिनियमचा असतो आणि त्यात निकेलचा मुलामा दिलेलीच पिन लागते. पंक्चरवाल्याने साधी पितळी पिन टाकली की आपल्या खाऱ्या हवेत दोन धातू एकमेकांना खातात आणि पिन जाम होते. धातूची टोपी लावली तरी तेच, प्लास्टिकचीच लावा. आता ती पिन पक्कडीने पिळू नका, व्हॉल्व्ह मोडला तर टायर बसेल. चांगल्या दुकानात टायर उतरवून बघा, व्हॉल्व्ह वेगळा मिळत असेल तर तेवढाच बदलतात, सेन्सर तोच राहतो आणि आयडी बदलत नाही, म्हणजे नोंदणीचं काम वाचतं. टायर उतरवताना मशीनचं पातं व्हॉल्व्हच्या जवळ लावू देऊ नका, त्याच्या बरोब्बर समोरच्या बाजूला लावायला सांगा, नाशिकच्या वाचकाचे दोन सेन्सर बहुधा तिथेच तुटले असावेत. पंक्चर भरायचा द्रवही ओतू देऊ नका, सेन्सरचं प्रेशरचं बारीक भोक त्याने बुजतं.