‘पाठवू नकोस’ म्हटल्यापासून आई गप्प आहे

चि. पुण्यातल्या मुली,

दर मे महिन्यात आई गोव्यातल्या फोंड्याहून सुकी सुंगटं (कोळंबी), आमसुलं, तिरफळं, उकडे तांदूळ पाठवते. यंदा ‘पाठवू नकोस, इथे सगळं मिळतं, वासाने घरमालकीण कुरकुरते’ म्हणालीस आणि तेव्हापासून ती दोन शब्दांत फोन आटपते. ‘माझं एकटेपण तिला दिसत नाही, विचारते फक्त जेवलीस का,’ असंही लिहिलंयस.

तुझी तक्रार खोटी नाही. आईने विचारावं असं वाटणं हा कृतघ्नपणा मुळीच नाही. पण ते पुरुमेंत, म्हणजे पावसाळ्याची बेगमी, जमतं कसं, आठव. 1 जूनपासून दोन महिने मासेमारीचे ट्रॉलर बंद, म्हणून ऊन कडक आहे तोवर सुंगटं घ्यायची, निवडायची, पुन्हा उन्हात घालायची, कावळे हाकायचे, आभाळ भरून आलं की धावत सगळं आत आणायचं. या सगळ्यात तिच्या डोक्यात तूच असतेस. तू सामानाला नको म्हणालीस, तिने ते स्वतःवर घेतलं.

माफी मागायला फोन करू नकोस. ‘काही नाही गे’ म्हणून ती विषय संपवेल. त्यापेक्षा काहीतरी माग. मूठभर तिरफळं माग. बांगड्याच्या हुमणात, म्हणजे कालवणात, ती केव्हा घालायची, किती ठेचायची, विचार. सुक्या सुंगटांची किसमूर मात्र घरी आल्यावर तुझ्याच हातची खाईन म्हणून सांग, म्हणजे वासाचाही प्रश्न मिटला. आणि तिलाही विचार, तू जेवलीस का? आपल्या घरांतून बाईला हे कोणी विचारत नाही. मला याचा फार राग येतो.

चतुर्थीला दोन दिवस आधी ये. खतखत्याच्या भाज्या चिरायला तिच्याजवळ बस. आपल्या आया समोर बसवून विचारलं तर बोलत नाहीत, हात कामात असले की बोलतात. तेव्हा तूच सुरुवात कर. संध्याकाळी खोलीवर परतलं की कसं वाटतं, ऑफिसात कोण टोचून बोलतं, सगळं सांग. तिला त्यातलं कळणार नाही असं धरून चालू नकोस. एवढी वर्षं तिने भरल्या घरात माणसं सांभाळली आहेत, त्यांतली सगळीच काही गोड नव्हती.

तुझी,
मावशी