शोरिंजी केम्पोच्या क्लासमध्ये एवढं बोलणं कशासाठी?

तुम्ही विचारलंय, ओसाकात नऊ वर्षांच्या मुलीला शोरिंजी केम्पो ही जपानी युद्धकला शिकायला लावलंय, पण बराच वेळ ध्यानात आणि सेन्सेईंच्या, म्हणजे शिक्षकांच्या, बोलण्यात जातो, मग ती स्वतःचा बचाव शिकणार कधी? मी इथे सहा वर्षं हे शिकतोय. पहिले काही महिने मलाही तो वेळ वाया जातोय असंच वाटायचं.

संस्थापक सो दोशिन ऑगस्ट 1945 मध्ये, सोव्हिएत सैन्य घुसलं तेव्हा, ईशान्य चीनमधल्या मांचुरियात होते. सगळी व्यवस्था कोसळल्यावर लोकांचं काय होणार, हे समोरचा अधिकारी माणूस म्हणून कसा आहे यावर ठरतं, हे त्यांनी तिथे पाहिलं. जपानला परत आल्यावर 1947 मध्ये शिकोकू बेटावरच्या तादोत्सु गावात त्यांनी तरुणांना शिकवायला सुरुवात केली. माणूस घडवणं हा मूळ हेतू, केम्पो त्याचं साधन.

पण खरी शिकवण सरावातच होते. मनगट सोडवायची ‘कोते-नुकी’ तिला एव्हाना आली असेल. जोडीदाराने मनगट हलकंच धरलं तर मुलीला खोटा विश्वास वाटतो. फार आवळलं तर ती काहीच शिकत नाही. तिला जमेल त्याच्या किंचित पुढे जोर लावायचा, मग अदलाबदल. मी एकदा नवख्या मुलाचं मनगट सुटूच दिलं नाही. सेन्सेईंनी शांतपणे विचारलं, “आज त्याला तुझ्याकडून काय मिळालं?” तो प्रश्न अजून विसरलो नाही.

आणि सुरुवातीला सगळे जपानीत म्हणतात ते वचन नीट ऐका. ते धम्मपदातलं आहे: ‘अत्ता हि अत्तनो नाथो, को हि नाथो परो सिया’. आपणच आपला आधार, दुसरा कोण असणार? अर्थ कळला तेव्हा मला नागपूरची आजी आठवली. ती हेच पालीत म्हणायची.

सहा महिन्यांत ती मोठ्या माणसाला पाडेल, अशी अपेक्षा मात्र ठेवू नका. या वयात हात सोडवून, ओरडून, पळता आलं तरी पुष्कळ. आज घरी तिला म्हणा, मला कोते-नुकी शिकव. मनगट नीट धरा, आणि तिला जमेपर्यंत घाई करू नका.