निवेदन कोणाच्या आवाजात?

स. न.

तुम्ही स्वमग्न (ऑटिस्टिक) आहात आणि स्वतःच्या दिनक्रमावर माहितीपट करत आहात. संकलन करणारा मित्र म्हणतो की आईच्या निवेदनाशिवाय प्रेक्षकांना काही कळणार नाही, आणि तुम्ही सहा वर्षांच्या असताना वडिलांनी टिपलेला मेल्टडाउनचा, म्हणजे आवाज-उजेडाचा भार असह्य होऊन ताबा सुटल्याचा, प्रसंग सुरुवातीलाच हवा. धाकट्या भावाचे लग्न ठरायचे असल्याने आईला मात्र तो प्रसंग नकोच आहे. कोणाचे ऐकावे, असे तुम्ही विचारले आहे.

निवेदन आईचे नसावे. स्वमग्न माणसांविषयी पालक आणि तज्ज्ञ पुष्कळ बोलले आहेत. तुमच्या चित्रपटात तरी तुमच्या आयुष्याचा अर्थ दुसऱ्या कोणी सांगू नये. २००७ साली अमेरिकेतील स्वतः स्वमग्न असलेल्या मेल बॅग्ज यांनी ‘इन माय लँग्वेज’ ही चित्रफीत यूट्यूबवर ठेवली. तिच्या पहिल्या तीन मिनिटांत केवळ गुणगुणणे आणि हातांच्या हालचाली आहेत. मग वाहत्या पाण्याखाली बोटे फिरत असताना बॅग्ज यांनी टंकलेला मजकूर संगणकाचा आवाज वाचू लागतो: पाणी हे कशाचे प्रतीक नाही, हा पाण्याशी चाललेला व्यवहार आहे, आणि इतरांची भाषा वापरली तरच आपण संवाद साधतो असे लोक मानतात. हा मजकूर आधी आला असता, तर त्या हालचाली प्रेक्षकाला केवळ लक्षणांचा नमुना वाटल्या असत्या. तेव्हा काही मिनिटे प्रेक्षकाला कळले नाही तरी चालेल, हे मित्राला सांगा. बोलण्याचा ताण येत असेल, तर तुम्हीही टंकलेला मजकूर पडद्यावर किंवा संगणकाच्या आवाजात देऊ शकता.

मेल्टडाउनचे दृश्य तुमची संमती न घेता टिपलेले आहे, म्हणून ते ठेवावे की काढावे हे तुम्हीच ठरवायचे. मला विचाराल तर मी ते वगळेन, कारण एकदा इंटरनेटवर गेलेले दृश्य परत घेता येत नाही. ठेवायचेच असेल तर सुरुवातीला मुळीच नको, अन्यथा पुढचे सारे प्रसंग प्रेक्षक त्याच चष्म्यातून पाहील. आणि त्या वेळी तुम्हाला कोणता आवाज, कोणता उजेड असह्य झाला होता हे आठवत असेल, तर ते तुमच्या शब्दांत त्यासोबत यायला हवे.

आईची भीती खोटी नाही. स्थळे पाहताना घरातल्या माणसांविषयी कसे प्रश्न विचारले जातात, हे त्यांना ठाऊक आहे. मात्र त्यासाठी तुम्ही स्वतःला लपवावे, हे मला मान्य नाही. भाऊ ज्या दृश्यांत आहे त्या दृश्यांसाठी त्याची संमती घ्या आणि त्याने नकार दिला तर ती काढा; त्याचा अधिकार तेवढाच आहे. आईला मात्र चित्रपटात जरूर आणा, कॅमेऱ्यामागून तुम्ही प्रश्न विचारा आणि त्यांना उत्तरे देऊ द्या.

अंतिम संकलनाचा निर्णय तुमचा राहील, हे मित्राकडून आजच लिहून घ्या.