बुद्धिबळातल्या जुन्या उस्तादांची कोणती पुस्तकं घ्यावीत आणि ती वाचायची कशी?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: रेटिंग १४०० च्या आसपास आहे, ओपनिंगची पुस्तकं पाठ करून कंटाळा आलाय, आता जुन्या खेळाडूंचे डाव आणि खेळाचा इतिहास वाचायचाय. रोज बोरिवली ते चर्चगेट प्रवास होतो. सुरुवातीलाच कास्पारॉव्हचे पाच खंड घेऊन टाकावेत का?

आत्ता नका घेऊ. 'माय ग्रेट प्रेडिसेसर्स' (२००३ ते २००६) ही मालिका मोठीच आहे, पण एकेका चालीखाली अर्धं पान उपचाली (खेळल्या न गेलेल्या पर्यायी चाली) असतात आणि १४०० च्या खेळाडूचा त्यात धागाच सुटतो. शिवाय पहिल्या खंडातल्या ऐतिहासिक चुका आणि संदर्भ न देण्याची सवय यावर एडवर्ड विंटर या इतिहासकाराने सडकून टीका केली होती. पुढे कधी घ्यायचाच झाला तर माझं मत तिसऱ्या खंडाला, पेट्रोशियन आणि स्पास्की या जगज्जेत्यांवरच्या.

पुस्तक निवडताना मी एकच गोष्ट आधी बघतो: डाव खेळणाऱ्याने टिपा स्वतः लिहिल्यात का? दुसरा कोणी लिहितो तेव्हा निकाल त्याला आधीच माहीत असतो, म्हणून विजेत्याची प्रत्येक चाल योजनेचा भाग ठरते. स्वतः खेळाडू मात्र कुठे घाबरलो, काय दिसलंच नाही, कोणती चाल नाईलाजाने खेळलो हे सांगू शकतो. फिशरचं 'माय सिक्स्टी मेमोरेबल गेम्स' (१९६९) म्हणूनच अजून टिकून आहे. त्यात ताल, स्पास्की आणि गेलर यांच्याविरुद्धचे तीन पराभवही त्याने घातले आहेत. प्रत्येक डावाआधी लॅरी एव्हान्सची छोटी प्रस्तावना आहे. मात्र आवृत्ती बघून घ्या. १९९५ च्या बॅट्सफर्ड आवृत्तीत चाली आधुनिक लेखनपद्धतीत आणताना मजकुरातही शेकडो बदल झाले आणि फिशरने त्याचा जाहीर निषेध केला. २००८ ची आवृत्ती मूळ मजकुराला धरून आहे, शिवाय आधुनिक लेखनपद्धतीत आहे. तीच घ्या.

तरीही तुमचं पहिलं पुस्तक फिशर नसावं. आधी चेर्नेव्हचं 'लॉजिकल चेस: मूव्ह बाय मूव्ह' (१९५७) संपवा. ३३ डाव, आणि प्रत्येक चालीला स्पष्टीकरण, अगदी पहिल्या चालीलाही. हा माझ्या वरच्या नियमाला अपवाद आहे, कारण डाव इतरांचे आणि टिपा चेर्नेव्हच्या. पण टिपा कशा वाचायच्या याचं वळण त्यातून लागतं. दोष दोन. तेच तेच पुन्हा येतं, आणि किल्लेकोट (कॅसलिंग) केलेल्या राजासमोरचं प्यादं हलवलं की तो लगेच ओरडतो. हत्तीचं प्यादं एक घर पुढे घेणं प्रत्यक्षात पुष्कळदा योग्य असतं, तेव्हा त्याची ती वाक्यं नियम म्हणून पाठ करू नका.

त्यानंतर फिशर, मग ब्रॉन्स्टाइनचं 'झुरिच १९५३'. हे एका स्पर्धेचं पुस्तक आहे: १५ खेळाडू, प्रत्येकाशी दोनदा, म्हणजे २१० डाव, आणि सगळेच्या सगळे त्यात आहेत. स्पर्धा स्मिस्लॉव्हने जिंकली. ब्रॉन्स्टाइन, केरेस आणि रेशेव्हस्की दुसऱ्या क्रमांकावर बरोबरीत राहिले. इथे उपचाली कमी आणि समजावणं जास्त: काळ्या घरांचा कमकुवतपणा म्हणजे नेमकं काय, किंग्ज इंडियन या ओपनिंगमध्ये काळा इतकी जागा सोडून देतो ती कशाच्या भरवशावर. २१० डाव क्रमाने वाचायला बसलात तर तिसाव्या डावाला पुस्तक कपाटात जाईल. एक ओपनिंग धरा आणि तेवढेच डाव घ्या. चौदाव्या फेरीतला आवेरबाख विरुद्ध कोटोव्ह मात्र चुकवू नका. कोटोव्हने तिसाव्या चालीला एच३ वर वजीर देऊन राजाला भर पटावर ओढून काढलंय.

लोकलसाठी तालचं 'लाइफ अँड गेम्स'. आयुष्याची हकिगत एका पत्रकाराशी चाललेल्या संवादाच्या रूपात आहे आणि तो पत्रकारही तालच. हा भाग पटाशिवाय, अगदी चौथ्या सीटवर टेकूनही वाचता येतो. डाव घरी. १९६० च्या जगज्जेतेपदाच्या लढतीवर त्याने वेगळं पुस्तक लिहिलंय. बॉटविनिकला त्याने १२.५–८.५ असं हरवलं, २१ डाव झाले. एका लढतीत खेळाडूची मनःस्थिती कशी बदलत जाते हे बघायचं असेल तर त्याहून चांगलं पुस्तक मला माहीत नाही.

अलेखिनचे दोन खंड (१९०८–१९२३ आणि १९२४–१९३७) आणि त्याचंच 'न्यूयॉर्क १९२४' स्पर्धेवरचं पुस्तक हे अस्सल सोनं आहे, पण डोळे उघडे ठेवून वाचा. पहिल्या खंडात पाच वजीर एकाच वेळी पटावर असलेला एक डाव तो प्रत्यक्ष खेळला गेल्यासारखा देतो. खरा डाव १९१५ चा, ग्रिगोरिएव्हविरुद्धचा. त्यात अलेखिन काळ्या मोहऱ्यांनी खेळत होता आणि पाच वजीर फक्त त्याच्या टिपेतल्या विश्लेषणात उतरले, असं संशोधकांनी दाखवलंय. अ‍ॅडम्स–टोरे (न्यू ऑर्लिन्स, १९२०) या सुप्रसिद्ध डावाच्या खरेपणाबद्दलही शंका आहेत. संयोजन (कॉम्बिनेशन, म्हणजे एकमेकींत गुंफलेल्या चालींचा हल्ला) शिकायला दोन्ही उत्तम. इतिहास म्हणून कोणाला सांगू नका.

अलेखिनच्या जुन्या प्रती हातात आल्या की खरी अडचण लेखनपद्धतीची. आत 'पी-के४' असं काही दिसलं तर ती जुनी वर्णनात्मक पद्धत. स्तंभाला त्यावर सुरुवातीला उभ्या असलेल्या मोहऱ्याचं नाव असतं: वजिराच्या बाजूने क्यूआर, क्यूएन, क्यूबी, क्यू म्हणजे ए, बी, सी, डी, राजाच्या बाजूने के, केबी, केएन, केआर म्हणजे ई, एफ, जी, एच. फार जुन्या पुस्तकांत घोड्याला एन ऐवजी केटी असतं. आडवी ओळ ज्याची चाल त्याच्या बाजूने मोजायची, आणि घोटाळा इथेच होतो. काळ्याच्या चालीत आकडा ९ मधून वजा करा: काळ्याचा 'एन-केबी३' म्हणजे ९ वजा ३, घोडा एफ६ वर. दुसरी मेख म्हणजे नुसतं 'बी-एन५' लिहिलेलं असतं तेव्हा ते घर बी स्तंभातलं की जी, हे उंट कुठे पोहोचू शकतो त्यावरून ठरवायचं. पहिल्या काही डावांत समासात पेन्सिलीने आधुनिक चाल लिहा, मग आपोआप वाचता येतं. ही कटकट नको असेल तर अलेखिनच्या या पुस्तकांच्या आधुनिक पद्धतीतल्या नव्या आवृत्त्याही निघाल्या आहेत.

वाचायचं मोबाइलवर नाही, पटावर. आधी टिपा न बघता डाव पाच-सात मिनिटांत खेळून बघा, आकार लक्षात येण्यापुरता. मग पुन्हा सुरुवातीपासून. ओपनिंग संपली की पुढचा मजकूर पोस्टकार्डाने झाका, विजेत्याची चाल स्वतः शोधा, कागदावर लिहा आणि मगच कार्ड सरकवा. उपचाली मुख्य पटावर खेळू नका. परत मूळ स्थितीवर येताना एखादं प्यादं चुकीच्या घरात राहतं आणि पुढच्या पाच चाली मोडल्यासारख्या वाटतात. त्यासाठी खिशातला चुंबकी पट वेगळा ठेवा. इंजिन (चाली तपासणारा संगणकाचा प्रोग्राम) सगळ्यात शेवटी, तेही तुमची आणि पुस्तकातली चाल वेगळी पडली त्या दोन-तीन जागांपुरतं. आधीच लावलं तर जुन्या टिपांतल्या चुका सापडतात, पण तो खेळाडू तशी चाल का खेळला हा प्रश्नच मनात उरत नाही.

इतिहासाचं वाचन डावांपासून वेगळं ठेवा. मूळ ग्रंथ मरे यांचा 'अ हिस्टरी ऑफ चेस' (१९१३), सुमारे ९०० पानांचा. जुनी हस्तलिखितं वाचता यावीत म्हणून मरे अरबी शिकले होते. सुरुवात भारतावरच्या प्रकरणांपासून करा. चतुरंग इराणात आणि पुढे अरबांकडे कसा गेला ते तिथे आहेच, शिवाय हिंदुस्तानात खेळल्या जाणाऱ्या हिंदुस्तानी, पारशी आणि रूमी पद्धतींचे नियमही आहेत. आपल्या जुन्या देशी खेळात राजाला एकदा घोड्याची अडीच घरं जाता येत, प्यादं मात्र पहिल्या चालीला दोन घरं जात नसे. १८१४ मध्ये मुंबईत छापलेल्या, त्रेवेंगडाचार्य शास्त्री यांच्या मूळ संस्कृतातून इंग्रजीत आलेल्या बुद्धिबळावरच्या पुस्तकाचा उल्लेखही मरे करतात. एवढा ठोकळा नको असेल तर मरे यांचंच छोटं 'अ शॉर्ट हिस्टरी ऑफ चेस' (१९६३) आहे. आधुनिक भारतासाठी मॅन्युएल एरन आणि विजय पंडित यांचा 'इंडियन चेस हिस्टरी' बघा.

ब्रिटिश काळातला भारतीय खेळाडू सुलतान खान तीनदा ब्रिटिश विजेता झाला (१९२९, १९३२, १९३३), हेस्टिंग्जच्या स्पर्धेत त्याने कॅपाब्लांकाला हरवलं, पण स्वतःच्या डावांवर पुस्तक लिहिलं नाही. डॅनियल किंग यांचं चरित्र (२०२०) वाचनीय आहे. त्यातल्या चित्रणावर त्याच्या कुटुंबीयांनी आक्षेप घेतलेत, हे ध्यानात असू द्या. आनंदचं 'माय बेस्ट गेम्स ऑफ चेस' घ्याल तर २००१ ची वाढवलेली आवृत्ती शोधा.

खरेदीला फ्लोरा फाउंटनचा फुटपाथ आणि माटुंग्याला किंग्ज सर्कलजवळचे जुन्या पुस्तकांचे विक्रेते. मरे विकत घेण्याआधी टाउन हॉलच्या एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयाची सूची तपासा. फुटपाथवर प्रत हातात आली की आधी मधलं पान उघडून आकृती बघा. झेरॉक्सवरून छापलेल्या प्रतींत काळ्या घरांच्या रेघा इतक्या भरतात की काळं मोहरं कोणतं आणि पांढरं कोणतं ते कळत नाही, आणि मग पुस्तक फुकटही महाग. आपल्याकडे लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी हक्क संपतात, त्यामुळे रेटी, निम्झोविच, कॅपाब्लांका, अलेखिन आणि मरे यांचे मूळ मजकूर मोकळे झालेत. भाषांतराचे हक्क मात्र वेगळे. मूळ हक्क संपल्याचा फायदा घेऊन जुनी पानं स्कॅन करून मागणीनुसार छापलेल्या स्वस्त प्रती ऑनलाइन विकल्या जातात. त्यांत काही वेळा आकृत्या गळालेल्या असतात आणि बी (B) चा ८ (8) झालेला असतो. नमुना पानं बघितल्याशिवाय त्या मागवू नका.